वैद्यक आणि कारभार : सार्वजनिक रुग्णालय प्रशासनातील कारकिर्दीची वाट

सार्वजनिक रुग्णालय, म्हणजे करांच्या पैशावर चालणारे आणि दारात आलेल्या कोणालाही परत पाठवण्याची मुभा नसलेले रुग्णालय, महाराष्ट्रात परंपरेने वैद्यकाच्याच हाती सोपवले जाते. ही परंपरा योग्य आहे, कारण खाटेवरच्या माणसाचे काय होते आहे हे ज्याला कळत नाही त्याला रुग्णालयाच्या खर्चाचा अग्रक्रम ठरवता येत नाही. मात्र या परंपरेत एक मोठी उणीव राहून गेली आहे. एम.बी.बी.एस.च्या किंवा पदव्युत्तर अभ्यासक्रमात अर्थसंकल्प, भांडार, सेवानियम आणि देखभाल या विषयांना जवळपास स्थान नसते, आणि पंधरा-वीस वर्षे रुग्ण तपासल्यावर ज्येष्ठतेमुळे प्रमुखाची खुर्ची मिळालेला डॉक्टर पहिल्याच आठवड्यात अशा कागदांसमोर बसतो, जे वाचायला त्याला कोणी शिकवलेले नसते. म्हणून ज्या तरुण वैद्यकाला या वाटेने जायचे आहे त्याने तयारी खुर्ची मिळण्याच्या दहा वर्षे आधी सुरू करावी, आणि ती व्यवस्थापनाच्या पुस्तकांपासून नव्हे, तर स्वतःच्याच रुग्णालयाच्या औषध भांडारापासून आणि लेखा शाखेपासून सुरू करावी, असे येथे आग्रहाने मांडायचे आहे.

प्रथम वाटा समजून घ्याव्यात, कारण महाराष्ट्रात त्या एकाहून अधिक आहेत आणि मध्येच एकीवरून दुसरीवर जाणे सोपे नसते. सार्वजनिक आरोग्य विभागाच्या वाटेवर वैद्यकीय अधिकारी, ग्रामीण किंवा उपजिल्हा रुग्णालयाचा वैद्यकीय अधीक्षक, जिल्हा शल्यचिकित्सक, परिमंडळाचा उपसंचालक आणि पुढे संचालनालयातील पदे असा क्रम लागतो. ग्रामीण रुग्णालय साधारणतः ३० खाटांचे, तर उपजिल्हा रुग्णालय ५० किंवा १०० खाटांचे असते. जिल्हा शल्यचिकित्सक, ज्याला जिल्ह्यात आजही ‘सिव्हिल सर्जन’ किंवा नुसते ‘सी.एस.’ म्हणतात, तो जिल्हा रुग्णालयाबरोबरच या सर्व रुग्णालयांचाही प्रमुख असतो, तर प्राथमिक आरोग्य केंद्रे जिल्हा परिषदेच्या जिल्हा आरोग्य अधिकाऱ्याकडे असतात. या दोन अधिकाऱ्यांचे जमले नाही तर आरोग्य केंद्रातून पुढे पाठवलेली अडलेली बाळंतीण दोन कार्यालयांच्या मधोमध अडकते, हे नवख्या अधीक्षकाने पहिल्या दिवसापासून ध्यानात ठेवावे. दुसरी वाट वैद्यकीय शिक्षण विभागाची. तेथे सहायक प्राध्यापक ते प्राध्यापक असा शैक्षणिक प्रवास करत अधिष्ठातापदापर्यंत जाता येते, आणि अधिष्ठाता हा महाविद्यालय व त्याला जोडलेले रुग्णालय या दोहोंचा प्रमुख असतो. तिसरी वाट महानगरपालिकांची. मुंबईत केईएम, शीव आणि नायर या रुग्णालयांना अधिष्ठाते आहेत, तर बहुतेक उपनगरी रुग्णालयांना वैद्यकीय अधीक्षक आहेत. गोव्यात बांबोळीचे वैद्यकीय महाविद्यालय अधिष्ठात्याच्या, आणि म्हापसा व मडगाव येथील जिल्हा रुग्णालये आरोग्य सेवा संचालनालयाच्या अखत्यारीत येतात.

वैद्यकाने रुग्णालय उभे करण्याचे काम किती मोलाचे ठरू शकते याचा दाखला मुंबईतच आहे. सेठ गोरधनदास सुंदरदास यांच्या विश्वस्तांनी देणगी देताना अध्यापक पात्र भारतीयच असावेत अशी अट घातली, आणि त्यातून १९२६ साली परळला केईएम रुग्णालय व त्याचे महाविद्यालय सुरू झाले. त्याचे पहिले अधिष्ठाते डॉ. जीवराज मेहता यांनी ही संस्था घडवण्यात वर्षानुवर्षे घालवली, आणि तो अनुभव पाठीशी घेऊन ते पुढे देशाच्या आरोग्य सेवांच्या महासंचालकपदी आणि नंतर गुजरातच्या मुख्यमंत्रिपदी गेले. एका संस्थेत दीर्घकाळ टिकून राहण्याची ही संधी आजच्या अधिकाऱ्याला क्वचितच मिळते, आणि त्याचा परिणाम कामाच्या पद्धतीवर कसा होतो ते पुढे येईलच.

औपचारिक शिक्षणाबद्दल थोडक्यात सांगता येईल. रुग्णालय प्रशासनातील एम.डी. ही वैद्यकांसाठी मान्यताप्राप्त पदव्युत्तर पदवी आहे, आणि पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात तसेच दिल्लीच्या एम्समध्ये या विषयाचे विभाग आहेत. मुंबईची टाटा समाजविज्ञान संस्था रुग्णालय प्रशासनाचा पदव्युत्तर अभ्यासक्रम चालवते, तर नोकरी सांभाळून शिकणाऱ्यांसाठी दूरशिक्षणाने पूर्ण करता येणारे पदविका अभ्यासक्रमही आहेत. पदवीचा उपयोग होतो, पण तिच्यामुळे पद मिळेलच असे नाही, आणि ती नसल्याने काम अडते असेही नाही. ज्याने वैद्यकीय अधिकारी असतानाच भांडार समिती, जंतुसंसर्ग नियंत्रण समिती, मृत्यू अन्वेषण समिती यांचे काम मागून घेतले, त्याचे शिक्षण अधिक पक्के होते. ही कामे बहुतेक डॉक्टर टाळतात, त्यामुळे मागणाऱ्याला ती सहज मिळतात.

आता पैशाकडे वळावे. रुग्णालयाचा प्रमुख हा बहुधा ‘आहरण व संवितरण अधिकारी’ असतो, म्हणजे कोषागारातून शासनाचा पैसा काढण्याचा आणि तो योग्य व्यक्तीला देण्याचा अधिकार त्याच्या सहीला असतो, आणि त्या सहीची जबाबदारीही व्यक्तिशः त्याचीच असते. शासनाचा पैसा एकसंध रकमेत येत नाही, तो लेखाशीर्षांत विभागून येतो. वैद्यकीय व सार्वजनिक आरोग्य यासाठी २२१० हे प्रधान शीर्ष आहे, आणि त्याखाली वेतन, कार्यालयीन खर्च, सामग्री व पुरवठा, यंत्रसामग्री अशी उद्दिष्टशीर्षे असतात. एका शीर्षातील शिल्लक दुसऱ्या शीर्षात मनाने वापरता येत नाही. वीजबिलाच्या शीर्षात पैसे संपले आणि यंत्रसामग्रीच्या शीर्षात लाखो रुपये पडून आहेत, ही स्थिती नवख्या प्रमुखाला विपरीत वाटते, परंतु तिच्यावर संताप करण्यात वेळ न घालवता तिची चाहूल ऑक्टोबरातच घ्यायला शिकावे. सुधारित अंदाज त्याच सुमारास मागवले जातात, आणि मागणी मुदतीत, मागील तीन वर्षांच्या खर्चाच्या आधारासह गेली तर ती मान्य होण्याची शक्यता वाढते. मार्चच्या शेवटच्या आठवड्यात घाईने केलेली खरेदी हीच पुढे महालेखापालांच्या आक्षेपांचे मूळ ठरते. निविदेची मर्यादा चुकवण्यासाठी एकाच वस्तूच्या मागणीचे तुकडे पाडणे हा त्यातील नेहमीचा आक्षेप असून, हेतू स्वच्छ असला तरी उत्तर देताना तो कागदावर दाखवता येत नाही. म्हणून प्रत्येक तातडीच्या खरेदीच्या टिपणीत तातडी कोणती, किती रुग्णांसाठी आणि नियमित पुरवठा कधी मागितला होता हे तीन मुद्दे त्याच दिवशी लिहून ठेवावेत.

औषध भांडार हा या सगळ्या कारभाराचा गाभा आहे. ज्या रुग्णालयात कुत्रा चावल्यावरची लस, सर्पदंशावरचा प्रतिविषाचा डोस किंवा साधी सलाइन बाहेरून आणायला सांगितली जाते, तेथील शल्यचिकित्सक कितीही निष्णात असला तरी गावाचा त्या रुग्णालयावरचा विश्वास उडतो. राज्याच्या पातळीवर खरेदीची व्यवस्था वारंवार बदलत आली आहे. काही वर्षे ती हाफकिन महामंडळाकडे होती, आणि २०२३च्या अधिनियमाने त्यासाठी महाराष्ट्र वैद्यकीय वस्तू खरेदी प्राधिकरण स्थापन झाले. तामिळनाडूने १९९४ साली स्वतंत्र वैद्यकीय सेवा महामंडळ काढून केंद्रीय खरेदी आणि जिल्हा गोदामे यांची जी घडी बसवली, तिचा अभ्यास प्रत्येक प्रशासकाने करावा. पण राज्याची व्यवस्था कशीही असली तरी मागणी किती आणि केव्हा करायची हे रुग्णालयातच ठरते, आणि तेथील गणित साधे आहे. समजा, एखाद्या इंजेक्शनचा सरासरी मासिक वापर ४०० कुप्यांचा आहे, मागणी नोंदवल्यापासून माल हाती येईपर्यंत तीन महिने लागतात आणि अडीअडचणीसाठी एक महिन्याचा साठा राखायचा आहे, तर साठा १,६०० कुप्यांवर येताच नवी मागणी गेली पाहिजे. भांडारात ९०० कुप्या आहेत म्हणून औषधनिर्माण अधिकारी निर्धास्त असेल, तर तुटवडा प्रत्यक्षात आधीच सुरू झालेला असतो, फक्त तो अजून वॉर्डात दिसलेला नसतो. सरासरी काढताना एक खबरदारी घ्यावी : ज्या महिन्यात औषध शिल्लकच नव्हते त्या महिन्याचा वापर शून्य धरू नये, अन्यथा तुटवड्यामुळे सरासरी खाली येते, सरासरीमुळे मागणी घटते आणि पुढच्या वर्षी तुटवडा अधिक मोठा होतो. सर्वाधिक लागणाऱ्या आणि जीव वाचवणाऱ्या अशा तीस-चाळीस औषधांची यादी करून प्रमुखाने ती दर सोमवारी स्वतः तपासावी. शिवाय महिन्यातून एकदा संगणकावरचा आकडा आणि मांडणीवरचा प्रत्यक्ष माल यांची पाच-सहा वस्तूंपुरती तरी पडताळणी करावी.

मनुष्यबळाबाबत बोलताना डॉक्टरांच्या रिक्त पदांचीच चर्चा अधिक होते, पण रुग्णालय रात्रीच्या वेळी परिचारिकांवर चालते. त्यांच्या संवर्गाची उतरंड, म्हणजे अधिपरिचारिका, तिच्यावर वॉर्डाची प्रमुख परिसेविका आणि सर्वांवर अधिसेविका, ही प्रमुखाने नावांसह माहीत करून घ्यावी. येथेही गणित उपयोगी पडते. वॉर्डातील एक जागा चोवीस तास भरलेली ठेवायची तर आठवड्यात २१ पाळ्या होतात. एक परिचारिका आठवड्याला सहा पाळ्या करते असे धरले तरी एका जागेसाठी साडेतीन जणी लागतात, आणि रजा, प्रशिक्षण, रात्रपाळीनंतरची सुटी हे धरले की हा आकडा साडेचार ते पाचच्या घरात जातो. म्हणजे कागदावर ५० परिचारिका असलेल्या रुग्णालयात कोणत्याही क्षणी दहा-अकराच कामावर असतात. हे गणित ज्याला येत नाही तो ‘पन्नास जणी असून काम का होत नाही’ असे विचारून अधिसेविकेचा अपमान करतो. ज्याला येते तो पदमंजुरीच्या प्रस्तावात ते मांडून मंत्रालयाला पटवू शकतो. कंत्राटी कर्मचाऱ्यांच्या बाबतीत एवढेच पाळावे की त्यांचे मानधन वेळेवर जाईल हे प्रमुखाने स्वतः पाहावे, कारण राज्याच्या आरोग्यसेवेचा मोठा भार राष्ट्रीय आरोग्य अभियानातील या माणसांवर आहे आणि उशिराने होणाऱ्या वेतनाचा जाच त्यांना सर्वाधिक होतो.

रोजची फेरी हे वैद्यक प्रशासकाचे सर्वांत मोठे बलस्थान आहे, कारण निव्वळ प्रशासकीय सेवेतून आलेल्या अधिकाऱ्याला वॉर्डात जे दिसत नाही ते त्याला दिसते. फेरी अतिदक्षता विभागापुरती न ठेवता अपघात विभाग, प्रसूतिकक्ष, विशेष नवजात काळजी कक्ष, स्वयंपाकघर, स्वच्छतागृहे, शवागार आणि प्राणवायूची टाकी अशी फिरावी आणि तिची वेळ व मार्ग अधूनमधून बदलावा. टाकीजवळ गेल्यावर पातळी, दाब आणि नोंदवहीतील शेवटच्या नोंदीची वेळ या तीन गोष्टी पाहाव्यात, आणि टाकीचा पुरवठा थांबल्यास राखीव सिलिंडरवर जोडणी कोण करतो हे तेथील कर्मचाऱ्याकडून प्रत्यक्ष करवून घ्यावे. २१ एप्रिल २०२१ रोजी नाशिक महापालिकेच्या डॉ. झाकीर हुसेन रुग्णालयात प्राणवायूच्या टाकीला गळती लागून पुरवठ्याचा दाब घसरला आणि त्यावर अवलंबून असलेले रुग्ण दगावले. त्याच वर्षी ९ जानेवारीला भंडारा जिल्हा रुग्णालयाच्या नवजात कक्षातील आगीत दहा अर्भकांचा मृत्यू झाला. या घटनांनंतर कोणत्याही प्रमुखाला ‘विद्युत आणि इमारत ही सार्वजनिक बांधकाम विभागाची बाब आहे’ असे म्हणून मोकळे होता येणार नाही. महाराष्ट्राच्या २००६च्या आग प्रतिबंधक व जीवसंरक्षक उपाययोजना अधिनियमानुसार अग्निशमन यंत्रणा सुस्थितीत असल्याचे परवानाधारक संस्थेचे प्रमाणपत्र वर्षातून दोनदा, जानेवारी आणि जुलैमध्ये, सादर करायचे असते. ते फाइलीत आहे एवढ्यावर न थांबता, रात्री दोन वाजता नवजात कक्षाचे दुसरे दार उघडते का, किल्ली कोणाकडे असते आणि बाळे उचलून कोठे न्यायची हे त्या पाळीतील परिचारिकेला सांगता येते का, याची तालीम घ्यावी. कक्षाचा विद्युतभार तपासून घेण्याचे पत्र बांधकाम विभागाला द्यावे, स्मरणपत्रे द्यावीत आणि तरीही काम झाले नाही तर जिल्हा नियोजन समितीच्या निधीतून ते करून घेण्यासाठी जिल्हाधिकाऱ्यांकडे स्वतः जावे. पत्रव्यवहार पूर्ण असणे आणि कक्ष सुरक्षित असणे यांत फरक आहे, आणि चांगल्या वैद्यकाला हा फरक कोणी समजावून सांगावा लागत नाही.

आकडेवारीबाबत दोन संज्ञा पक्क्या असाव्यात. खाटव्याप्ती म्हणजे उपलब्ध खाटा-दिवसांपैकी किती दिवस खाटांवर रुग्ण होते याचे शेकडा प्रमाण. १०० खाटांच्या रुग्णालयात ३० दिवसांचे ३,००० खाटा-दिवस होतात आणि त्यांपैकी २,७०० वापरले गेले तर व्याप्ती ९० टक्के. सार्वजनिक रुग्णालयांत ती शंभराच्या पुढेही जाते, कारण रुग्ण जमिनीवर गादी टाकूनही दाखल केले जातात. दुसरी संज्ञा निव्वळ मृत्युदराची. दाखल झाल्यापासून ४८ तासांच्या आत झालेले मृत्यू वगळून जो दर काढतात तो निव्वळ मृत्युदर होय. खासगी रुग्णालयांनी अखेरच्या क्षणी पाठवलेले रुग्ण ज्या रुग्णालयात येतात, तेथील एकूण मृत्युदर जास्त दिसणारच, म्हणून दोन्ही दर शेजारी शेजारी ठेवून पाहावेत. मात्र निव्वळ दराचा उपयोग केवळ बचावासाठी करू नये. ४८ तासांच्या आतील मृत्यूंमध्येही दारात आल्यापासून पहिले इंजेक्शन मिळेपर्यंत किती वेळ गेला हे तपासले, तर रुग्णालयाच्या हातातल्या कितीतरी गोष्टी सापडतात. मृत्यू अन्वेषणाच्या बैठकीत दोषी शोधण्याचा सूर लागला की पुढच्या बैठकीपासून केसपेपर ‘नीटनेटके’ होऊन येऊ लागतात आणि सत्य कायमचे हरवते, म्हणून त्या बैठकीचे अध्यक्षपद प्रमुखाने स्वतः घ्यावे आणि पहिला प्रश्न नेहमी व्यवस्थेविषयी विचारावा.

निधीचे दोन पूरक मार्ग आहेत. एक रुग्ण कल्याण समिती, जिचे मूळ १९९४च्या सुमारास इंदूरच्या महाराजा यशवंतराव रुग्णालयात, उंदरांच्या सुळसुळाटामुळे सारे रुग्णालय रिकामे करून स्वच्छ करण्याच्या मोहिमेत आहे, आणि जी स्थानिक गरजांवर स्थानिक पातळीवरच खर्च करण्याची मोकळीक देते. दुसरा महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेचा. तिच्यातील दाव्यांची रक्कम शासकीय रुग्णालयांनाही मिळते, पण कागदपत्रे अपुरी राहिल्याने दावे नामंजूर होतात, म्हणून आरोग्यमित्र आणि एक जबाबदार डॉक्टर यांनी दररोज प्रलंबित दाव्यांचा आढावा घेण्याची पद्धत पाडावी. १५ ऑगस्ट २०२३पासून सार्वजनिक आरोग्य विभागाच्या रुग्णालयांतील उपचार निःशुल्क झाले आहेत, त्यामुळे केसपेपरच्या शुल्कातून येणारी किरकोळ रक्कमही आता हिशेबात धरता येत नाही.

जिल्हा शल्यचिकित्सकावर रुग्णालयाबाहेरचीही कायदेशीर कामे असतात. गर्भलिंगनिदान प्रतिबंधक कायद्याखाली तो समुचित प्राधिकारी असतो, दिव्यांग प्रमाणपत्रांची मंडळे त्याच्या रुग्णालयात बसतात, आणि शवविच्छेदन व वैद्यकीय-कायदेशीर अहवालांची गुणवत्ता हीही त्याचीच जबाबदारी असते. दबाव येथेच सर्वाधिक येतो. लोकप्रतिनिधींचे दूरध्वनी येणे गैर नाही. मतदार त्यांच्याकडे जातो म्हणून ते फोन करतात, आणि खाट मिळत नसलेल्या रुग्णासाठी आलेल्या फोनला तत्पर उत्तर द्यावे. प्रमाणपत्र, अहवाल किंवा सोनोग्राफी केंद्राची तपासणी यांसाठी फोन आला, तर उत्तर एकच असावे आणि ते पहिल्या महिन्यातच साऱ्या जिल्ह्याला कळावे. कर्मचाऱ्यांवर हल्ला झाल्यास २०१०च्या महाराष्ट्र अधिनियमाखाली गुन्हा नोंदवण्यासाठी मार खाल्लेल्या निवासी डॉक्टरला एकट्याने पोलीस ठाण्यात पाठवू नये. फिर्याद संस्थेच्या वतीने द्यावी आणि प्रमुखाने त्याच्यासोबत जावे. त्या एका तासाने जे कमावले जाते ते शंभर परिपत्रकांनी मिळत नाही.

प्रशासनात आल्यावर रुग्ण तपासणे सोडावे काय, हा प्रश्न बहुतेकांना पडतो. पूर्ण सोडू नये. व्यवसायरोध भत्ता घेणाऱ्याला खासगी व्यवसाय करता येत नाहीच, परंतु आठवड्यातून एक बाह्यरुग्ण दिवस किंवा एक शस्त्रक्रियेचा दिवस ठरवून घ्यावा आणि त्या दिवशी आपल्याच रुग्णालयाच्या रांगेतून, आपल्याच भांडारातील औषधांवर आपला रुग्ण बरा करावा लागतो हे अनुभवत राहावे. मात्र अवघड शस्त्रक्रिया हाती घेऊन दिवसभर शस्त्रक्रियागृहात राहणे आणि फाइली रात्रीवर ढकलणे हीसुद्धा एक पळवाटच आहे, आणि ती कुशल शल्यचिकित्सकांना विशेष मोहात पाडते.

शेवटी बदलीचा विचार. २००५च्या अधिनियमानुसार पदावधी साधारण तीन वर्षांचा मानला जातो, प्रत्यक्षात तो अनेकदा त्याहून कमी मिळतो, आणि कित्येक पदे अतिरिक्त कार्यभारावर चालतात. म्हणून जे काम प्रमुखाच्या दालनातील फळ्यावर किंवा त्याच्या डोक्यात आहे ते त्याच्याबरोबरच निघून जाते. कार्यभार सोडताना शासकीय नमुन्यातील यादीखेरीज एक वेगळी टिपणी लिहावी : कोणत्या औषधांच्या मागण्या कोठे अडकल्या आहेत, कोणत्या यंत्रांचे देखभाल करार कोणत्या महिन्यात संपतात, कोणते लेखापरीक्षण आक्षेप अनुत्तरित आहेत, कोणती चौकशी वा न्यायालयीन तारीख जवळ आली आहे, नवजात कक्षाच्या विद्युतकामाचे पत्र शेवटचे कोणाकडे आहे, आणि रुग्णालयातील कोणत्या चार माणसांच्या शब्दावर संकटात विसंबता येते. ही टिपणी येणाऱ्या अधिकाऱ्याच्या हाती द्यावी, तिची एक प्रत अधिसेविकेकडे व एक लेखा शाखेत ठेवावी, आणि नव्या पदावर रुजू झाल्यानंतरही निदान तीन महिने त्या रुग्णालयातून येणारे दूरध्वनी उचलावेत.